न बनलेल्या यंत्राची माहितीपुस्तिका

“खाडे, बाईंना सांगा, प्रोग्रॅम काय मागणार ते कळल्याबिगर मला यंत्र बांधता येत न्हाई,” दस्तगीर म्हणाले.

बाई त्याच टेबलाशी, हात लांब केला तर लागेल एवढ्या अंतरावर बसल्या होत्या. मी मान वळवली आणि निरोप पोचवला.

“ऐकलं मी,” बाई म्हणाल्या. “त्यांना सांगा, यंत्र काय देणार ते कळल्याशिवाय मला प्रोग्रॅम लिहिता येत नाही.”

मी मान परत वळवली. दीपकळी इलेक्ट्रॉनिक्समध्ये त्या काळी माझ्या मानेला बराच व्यायाम होता.

सन १९८८, मार्च महिना, सांगलीजवळची कुपवाडची एमआयडीसी. कंपनी म्हणजे पत्र्याची एक शेड, तिच्यात दोन खोल्या आणि मधे एक टेबल. उजव्या खोलीत दस्तगीर सतारमेकर. मिरजेच्या सतारी बनवणाऱ्या घराण्यातले. त्यांनी भोपळा सोडून सर्किट हातात धरलं होतं, पण हात तोच. त्यांनी सोल्डर केलेला जोड पाहिला की एकदा छेडून बघावासा वाटे. डाव्या खोलीत विद्युल्लता केळकर. नाव असं असलं तरी विजेच्या तारेला त्यांनी कधी बोट लावलं नाही. यंत्रानं केव्हा काय करायचं ते आकड्यांत लिहून एका चिपमध्ये भरणं हे त्यांचं काम.

दोघांनी मिळून आदल्या वर्षी एका कारखान्याला पाळीचा भोंगा वाजवणारं घड्याळ करून दिलं होतं. त्यानं दुपारी तीनचा भोंगा पहाटे तीनला दिला आणि सहाशे कामगार दात न घासता गेटवर हजर झाले. चूक सर्किटची की प्रोग्रॅमची, याचा निकाल शेवटपर्यंत लागला नाही, कारण आपल्या वस्तूत चूक नसल्याचं दोघांनीही सिद्ध करून दाखवलं. तेव्हापासून बोलणं बंद.

मी बी.ए. मराठी. माहितीपुस्तिका लिहायला सहा महिन्यांच्या बोलीवर तात्पुरता लागलेला. पुस्तिका लिहिण्याजोगं यंत्र अजून तयार नसल्यामुळे निरोप पोचवत होतो.

तात्पुरता हा शब्द मला त्या दिवसांत फार टोचायचा. माझं लग्न ठरत आलं होतं. मुलगी सुनेत्रा मोहिते, तासगावच्या शाळेत गणित शिकवायची. तिचे वडील हणमंतराव मोहिते सर तिथल्याच एका हायस्कूलात पी.टी. शिकवत आणि जिल्ह्याच्या कबड्डीत सरपंच असत. गावचे नव्हेत, सामन्याचे. कबड्डीत मुख्य पंचाला सरपंच म्हणतात. मुलगी पाहायला गेलो तेव्हाही त्यांच्या गळ्यात शिट्टी होती. पोहे संपल्यावर त्यांनी निकाल दिला होता.

“मुलगा ठीक आहे. कायम झाल्याचं पत्र दाखवा. पत्र आलं की सुपारी. पत्र नाही, सुपारी नाही.”

मी होय म्हणालो. नाही म्हणालो असतो तर त्यांनी बहुधा शिट्टी मारली असती.

तर टेबलाशी आमचा असा संवाद चालला असताना मालक, म्हणजे आण्णा आवटी, आत आले. आण्णांना इलेक्ट्रॉनिक्समधलं काही कळत नसे आणि ते हे सगळ्यांना अभिमानानं सांगत.

“झालं काय? मेच्या पंधरा तारखेला तासगावात जिल्ह्याचे सामने. विजेवरचा गुणफलक देतो म्हणून मी शब्द देऊन बसलोय. आलं काय तुमच्या डोक्यात काही?”

“बाईंना विचारा,” दस्तगीर म्हणाले.

“त्यांना विचारा,” बाई म्हणाल्या.

“दोघांनाबी नाही विचारत,” आण्णा म्हणाले. “खाडे, तुमची पुस्तिका मला आठवड्यात पाहिजे.”

“आण्णा, यंत्र कुठंय?”

“यंत्र नंतर बघू. ते मोहिते सरपंच म्हणतात, जे मी वाचलं नाही ते माझ्या मैदानावर येणार नाही. आधी पुस्तिका, मग फलक. आणि हे बघा, हा फलक नीट चालला तर तुम्हाला कायम करतो. लेखी.”

असं माझं लग्न एका अशा यंत्राला बांधलं गेलं, की जे कुणी बांधलेलं नव्हतं.

आठवडाभर मी यंत्राची कल्पना करत बसलो. त्याच्या पोटात काय असतं ते मला माहीत नव्हतं, म्हणून पोटाबद्दल मी काहीच लिहिलं नाही. ते वागतं कसं, एवढंच लिहिलं. कबड्डीत खरी भांडणं होतात ती बाद झालेल्यांवरून. जे ज्या क्रमानं बाद झाले त्याच क्रमानं त्यांनी परत खेळात यायचं, म्हणजे ‘उठायचं’, असा नियम. आणि चांगला चढाई करणारा गडी आधी उठावा म्हणून क्रम विसरण्याची प्रत्येक संघाची तयारी. म्हणून मी लिहिलं:

‘या यंत्रात प्रत्येक संघाची एक फळी असते. फळीवर खेळाडूगणिक एक दिवा असतो. खेळाडू खेळात असेपर्यंत त्याचा दिवा लागलेला राहतो. फळीशेजारी एक बाक असतो. बाद झालेला खेळाडू बाकाच्या शेवटी बसतो. उठताना बाकावरचा सर्वांत पुढचा उठतो. यंत्राला चार हुकूम समजतात: बाद कर, उठव, गुण दे, सगळे पूस. पाचवा हुकूम दिल्यास यंत्र ऐकले न ऐकल्यासारखे करते. कोणताही हुकूम एका टाळीच्या वेळात पुरा होतो.’

अशी अकरा पानं झाली. आण्णांनी न वाचता तीनशे प्रती छापून घेतल्या.

मला वाटलं होतं, दोघं हसतील. दुसऱ्या दिवशी दस्तगीर पुस्तिका हातात घेऊन आले. तांबड्या पेन्सिलीनं खुणा केलेल्या.

“खाडे, हे छापलंय न्हवं? म्हणजे पक्कं. यात लिहिलंय तेवढं माझं यंत्र करंल. दिवे, हुकूम, सगळं. आत मी काय घालतो ते कुणी विचारायचं न्हाई.”

तासाभरानं डाव्या खोलीतून हाक आली. बाईंच्या प्रतीवर निळ्या खुणा होत्या.

“खाडे, मी या पुस्तिकेतल्या यंत्रासाठी प्रोग्रॅम लिहिणार. पलीकडे ते काय बांधताहेत त्याच्याशी मला कर्तव्य नाही. ते असंच वागलं पाहिजे.”

“पण बाई, असं यंत्र नाहीये. मी ते मनानं लिहिलंय.”

“उत्तम,” बाई म्हणाल्या. “मनातली यंत्रं बंद पडत नाहीत.”

एकच गोष्ट दोघांना खटकली आणि ती दोघांना एकाच दिवशी खटकली. टाळी.

“टाळी कुठल्या लयीतली?” दस्तगीरांनी विचारलं. “विलंबित का द्रुत? दोन्हींत लई फरक पडतो वो.”

“टाळी म्हणजे किती मिलिसेकंद?” बाईंनी विचारलं.

मी दोन खोल्यांच्या मधे, टेबलापाशी उभा राहिलो आणि एकदा टाळी वाजवली. दोन्ही दारांतून दोघांनी आपापल्या घड्याळात ती मोजली आणि दारं लावून घेतली. कंपनीच्या इतिहासातला हा पहिला तांत्रिक करार.

नंतरचा महिना सुखाचा गेला. दोघं आपापल्या खोलीत राबत होते आणि काही अडलं की मला विचारत होते, कारण त्या यंत्राची माहिती जगात फक्त मलाच होती. “खाडे, बाक रिकामा असताना ‘उठव’ म्हटलं तर?” मला उत्तर माहीत नसे. मग मी एस.टी.नं तासगाव गाठून मोहिते सरांना विचारी. सर मैदानावर असत, म्हणून आधी घरी सुनेत्राला विचारी.

“बाक रिकामा असेल तर कुणाला उठवणार? हुकूम वाया गेला पाहिजे,” ती म्हणायची. “पुस्तिकेत लिहायचं राहिलंय तुमच्या. सातव्या पानावर चिठ्ठी डकवा.”

“तुम्ही सातव्या पानापर्यंत वाचलीत?”

“अकराव्यापर्यंत. दोनदा. गुणफलकाच्या पेटीची बटणं मीच दाबणार आहे. बाबा म्हणाले, जिनं वाचलंय तिनं चालवायचं.” मग आत वळता वळता, “वाचताना झोप आली नाही. यंत्राचं पुस्तक वाटतच नाही ते.”

एवढी अनुकूल परीक्षणं मला पुढे आयुष्यात फार थोडी मिळाली.

मेच्या बारा तारखेला, म्हणजे सामन्यांना तीन दिवस असताना, बाईंची चिप दस्तगीरांच्या फलकात बसली. प्रत्येक फळीवर शंभर वॅटचे आठ दिवे. सात खेळाडूंना आठ दिवे का, असं मी विचारलं तेव्हा दस्तगीर म्हणाले, “आठ तारा निघतात तिथनं. एक तार उपाशी कशाला ठेवायची?” रंगारी डबा-ब्रश घेऊन आकडे घालायला बसला होता.

बाईंनी पेटीवर ‘तीन नंबर, बाद कर’ दाबलं. आत टक् असा आवाज झाला. चौथा दिवा विझला.

“परत,” दस्तगीर म्हणाले.

पाच नंबर. सहावा दिवा विझला. एक नंबर. दुसरा. पहिल्या दिव्याला मात्र कोणत्याच बटणानं काही होईना. तो दिवसभर विझलेलाच होता.

“खाडे,” बाई शांतपणे म्हणाल्या, “त्यांना सांगा, तारा एक घर सरकल्यात.”

“बाईंना सांगा, तारा जागच्या जागी हायत. आठ तारा, शून्य ते सात. सगळ्या जगात पहिल्या तारेला शून्यच म्हणतात. एक नंबरचा गडी शून्य तारेवर. त्यांचा प्रोग्रॅम सरकलाय.”

“त्यांना सांगा, पाठीवर शून्य लिहिलेला खेळाडू मी आजवर पाहिलेला नाही. एक म्हणजे एक.”

मी इकडून तिकडे मान वळवत होतो. तास-दीड तासाचं काम होतं, कुणीही केलं असतं तरी. पण जो करणार त्याची चूक ठरणार, आणि भोंग्याचा निकाल अजून लागायचा होता. “आकडं कुठनं सुरू करू?” रंगाऱ्यानं विचारलं. मग त्यानं डब्याला झाकण लावलं.

संध्याकाळी आण्णा आले. दोघांचं म्हणणं त्यांनी माझ्या तोंडून ऐकून घेतलं.

“पुस्तिकेत काय आहे?”

“काही नाही, आण्णा. मोजायला कुठून सुरुवात करायची ते लिहिलेलंच नाही. असा प्रश्न पडेल असं वाटलं नव्हतं.”

“म्हणजे हे दोघंबी पुस्तिकेला धरून चाललेत.”

“हो.”

“मग चूक कुणाची राहिली?” आण्णांनी माझ्याकडे पाहिलं, जरा वाईट वाटल्यासारखं. “परवा सकाळपर्यंत बघा, खाडे. नाहीतर मी सरांना कळवतो, फळा-खडूच वापरा म्हणून. आणि तुमचं बी मग... मला लबाड बोलता येत नाही बघा.”

दोघांच्याही नजरेत माझ्याबद्दल सहानुभूती होती. पण तारा आणि प्रोग्रॅम सोडून दुसरं काहीही द्यायला ते तयार होते. दस्तगीरांनी चहा दिला, बाईंनी लाडू.

दुसऱ्या दिवशी मी तासगावला गेलो. सर मैदानावर मुलांचा सराव घेत होते. लग्नाचं आता काही खरं नाही हे सांगायला निघालो होतो. तोंड उघडलं आणि भलतंच बाहेर आलं.

“सर, कबड्डीत मोजणी कुठून सुरू होते?”

सरांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी जणू रेषेबाहेर पाऊल टाकलंय. “तो गडी बघा,” ते म्हणाले. “चढाईला निघालाय. आधी काय केलं त्यानं?”

गड्यानं वाकून मध्यरेषेला हात लावला, बोटांना लागलेली माती कपाळाला लावली आणि मग कबड्डी-कबड्डी करत आत शिरला.

“सामना लावताना नारळ फोडतो. कुणासाठी? कप्तानासाठी?”

“मैदानासाठी.”

“मग? एक नंबरच्या आधी मैदान. हे पोरासोरांना कळतं. तुम्ही तर पुस्तिका लिहिलीय.” आणि त्यांनी शिट्टी मारली. माझ्यासाठी नसावी, पण मी निघालो.

एस.टी.त मांडीवर कागद ठेवून मी चिठ्ठी लिहिली. कुपवाडला पोचल्यावर ती दोन प्रतींत करून दोन्ही खोल्यांत दिली.

‘पृष्ठ ३, दुरुस्ती नव्हे, पुरवणी. फळीवरील शून्य क्रमांकाचा दिवा मैदानाचा. तो कोणत्याही खेळाडूचा नाही. ‘सामना सुरू’ या पाचव्या हुकुमाने दोन्ही फळ्यांवरचा मैदानाचा दिवा लागतो. तो लागलेला असेल तरच सामना चालू आहे असे समजावे. खेळाडूंचे दिवे त्याच्यापुढे एकपासून.’

उजव्या खोलीतून आधी आवाज आला. “बघा! शून्य हायच की न्हाई? सुरुवातीपासनं हेच सांगालोय. एक तार बी हलवायची न्हाई मला.”

मग डावीकडून. “एक नंबर म्हणजे एकच. मी काय वेगळं म्हणत होते? प्रोग्रॅममध्ये काहीही बदलायचं नाही.” मग पेन उघडत, “हुकूम तेवढा एक वाढवते. वाढवणं म्हणजे बदलणं नव्हे.”

दोघंही जिंकले. हरायला मी होतोच, पण माझी गरज लागली नाही. रंगाऱ्यानं पहिल्या दिव्याखाली ‘मैदान’ लिहिलं आणि पुढे एकपासून सात.

पंधरा तारखेला तासगावात तीन हजार माणूस. मोहिते सरांनी पुस्तिका इतकी मनावर घेतली होती, की आठवीच्या वर्गातले दोन बाक उचलून आणून मैदानाच्या दोन टोकांना मांडले होते. एरवी बाद झालेली मुलं पाण्याच्या माठापाशी घोळका करत. या वेळी सर एकेकाला खांद्याला धरून बाकावर बसवत. “शेवटी बस. पुस्तिकेत आहे.”

सकाळचे सामने बिनबोभाट झाले. दिवा विझला की लोक ओरडत, लागला की त्याहून मोठ्यानं ओरडत. सुनेत्रा पेटीशी ताठ बसून बटणं दाबत होती आणि अधूनमधून माझ्याकडे पाहत होती. आण्णा पहिल्या रांगेत बसून, आपल्याला यातलं काही कळत नाही हे शेजारच्या आमदारांना सांगत होते.

पाच वाजता अंतिम सामना. कवठ्याचा संघ एकवीस, पलूसचा वीस. चार मिनिटं उरलेली. पलूसचे तीन गडी बाद, बाकावर. कवठ्याचा गडी चढाईला आत गेला होता, आणि अख्खा फलक विझला.

सगळ्यांत आधी लोकांच्या डोळ्यांत भरलं ते वेगळंच. मागून कुणीतरी ओरडलं, “मैदान विझलं!”

सरांनी शिट्टी मारली. “थांबा! मैदानाचा दिवा नाही, सामना नाही. चढाई रद्द.”

कवठेकर उसळले. चढाईवाल्यानं दोन गड्यांना शिवल्याचा त्यांचा दावा होता. सरांनी खिशातून पुस्तिका काढली आणि पान तीन खणखणीत आवाजात वाचून दाखवलं. छापील मराठी मोठ्यानं वाचली की आपल्याकडे माणसं जरा दबतात. ते दबले.

दस्तगीर पकड आणि स्क्रू ड्रायव्हर घेऊन फलकाकडे धावले. बाईंनी पिशवीतून प्रोग्रॅमची वही काढली. दोघं दोन बाजूंनी मला म्हणत होते, “त्यांना सांगा!” काय सांगायचं ते कुणालाच माहीत नव्हतं. मी मात्र आण्णांकडे बघत होतो आणि आण्णा बुटांकडे.

पाच मिनिटांनी दस्तगीरांना तार सापडली. माइकवाल्यानं फलकाचा प्लग काढून तिथं आपला टेबलफॅन लावला होता. “लई उकडालंय वो,” तो म्हणाला. प्लग परत लागला. फलक उजळला, आणि मैदानात एकच ओरडा झाला. खेळाडूंचे चौदाच्या चौदा दिवे लागलेले. गुण शून्य, शून्य.

“वीज गेली की चिपला हुकूम तेवढे आठवतात, झालेलं काही आठवत नाही,” बाई पुटपुटल्या.

पलूसचा कप्तान पुढे आला. “सर, आमचे सातीच्या साती जिवंत हायत. फलकावर बघा की.”

“आणि आमचे एकवीस कुणी खाल्लं?” कवठ्याचा कप्तान.

लोक दोरीच्या आत यायला लागले. माझं पत्र माझ्या डोळ्यांदेखत फाटत होतं. तेवढ्यात सुनेत्रा पेटीमागून उठली आणि थेट पलूसच्या बाकाकडे गेली.

“पुढून सांगा. नंबर?”

“पाच,” पहिला मुलगा म्हणाला.

“दोन.”

“सात.”

“मधे उठून कुणी जागा बदललीय?”

“सरांनी हलू दिलं न्हाई.”

ती परत पेटीशी आली. “पाच, बाद.” टक्, दिवा विझला. “दोन, बाद. सात, बाद.” फळीवर तीन दिवे विझलेले आणि समोर बाकावर तीच तीन पोरं, त्याच ओळीत. मग कवठ्याचा बाक. तिथं एकच होता. मग तिनं ‘गुण दे’वर बोट ठेवलं. एका टाळीत एकच हुकूम पुरा व्हायचा, त्यामुळे एकवीस गुण एकवीस वेळा द्यायचे होते. तिनं पहिला गुण दिला. लोकांतून कुणीतरी टाळी वाजवली आणि म्हणालं, “एक!” दुसऱ्याला पन्नास जणांनी. दहापर्यंत तीन हजार माणूस टाळी वाजवून मोजत होतं. एकवीसला कवठेकरांनी टोप्या उडवल्या. मग पलूसचे वीस, तसेच. शेवटी तिनं सरांकडे पाहिलं. सरांनी मान हलवली. ‘सामना सुरू’. मैदानाचे दोन्ही दिवे लागले.

उरलेली चार मिनिटं खेळून पलूस एका गुणानं जिंकलं. पण ते माझ्या लक्षात नाही, सुनेत्रा नंतर सांगते म्हणून माहीत. मी फलकामागे गेलो होतो. तिथं दस्तगीर आणि बाई शेजारी शेजारी उभे होते.

“सहा मिनिटं माझी चिप कोरी होती,” बाई म्हणत होत्या.

“माझं दिवे बी मेलेलं.”

“मग यंत्र चालू होतं कुठे?”

दस्तगीरांनी हातातल्या पकडीनं मैदानाकडे दाखवलं. “बाकावर,” ते म्हणाले.

“म्हणजे आपण दोघांनी बांधलं ते यंत्र नव्हतंच.”

“न्हाई. आपण त्याला नुसतं बिऱ्हाड दिलं.”

मी वळवायला मान तयार ठेवली होती. कुणी माझ्याकडे पाहिलंच नाही.

सोमवारी आण्णांनी पत्र टाइप करायला घेतलं. नाव झालं, तारीख झाली. “पद काय लिहू?”

“माझ्याकडं टाका,” दस्तगीर म्हणाले. “मैदानाच्या दिव्याची तार ह्यांनीच वाचवली.”

“काहीतरीच काय, दस्तगीरभाई! हुकूम कुणी लिहिले? ते माझ्याकडचे आहेत.”

“बाई, तुमचं हुकूम माझ्या तारेतनं जातात.”

“जात असतील, पण निघतात कुठून?”

अर्धा तास ते एकमेकांशी असे भांडले, की वर्षभराची बाकी निघाली. मध्ये माझं नावही आलं नाही. आण्णा टाइपरायटरवर बोटं ठेवून ऐकत होते. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि त्यांच्या कपाळावर एक आठी हळूहळू उमटली.

“हे दोघं बोलायला लागले की हो, खाडे.”

“हो, आण्णा.”

“मग तुमचं काम काय राहिलं?”

उत्तर दोन्ही बाजूंनी एकदम आलं.

“पुढच्या यंत्राची पुस्तिका!” दस्तगीर म्हणाले. “आधी ती पाहिजे. त्याबिगर मी स्क्रू लावत न्हाई.”

“ती नसेल तर मी एक ओळ लिहिणार नाही,” बाई म्हणाल्या.

“पण यंत्र कसलं ते अजून ठरलेलंबी नाही!”

“म्हणूनच,” दोघं म्हणाले.

आण्णांनी कागद ओढून काढला. “यातलं मला काही कळत नाही,” ते म्हणाले. “पदाची जागा मोकळी सोडतो. तुमचं काय ते ठरलं की भरा आणि उद्या ऑफिसला जमा करा.” आणि सही केली.

संध्याकाळी मी तासगावला मोहिते सरांसमोर पत्र ठेवलं. सुनेत्रा दारात उभी होती. सरांनी चष्मा लावून ते मैदानाची आखणी तपासावी तसं चारी बाजूंनी तपासलं.

“नाव आहे. तारीख आहे. सही आहे. कायम हा शब्द आहे.” बोट थांबलं. “पद मोकळं आहे.”

“त्यांच्यात एकमत झालं नाही, सर.”

“मोकळी जागा नियमात बसत नाही.”

“बाबा,” सुनेत्रा म्हणाली.

“थांब तू.” सरांनी खिशातलं पेन काढलं, टोपण उघडलं, आणि मोत्यासारख्या अक्षरात, जराही न हसता, ‘पद’ या शब्दापुढे लिहिलं: जावई.

“सुपारी आण,” ते आत बघून म्हणाले.

पत्र दुसऱ्या दिवशी ऑफिसला जमा करायचं होतं, ते केलं. आण्णांनी नेहमीप्रमाणे न वाचता फायलीत लावलं. दीपकळीत मी पुढे तीस वर्षं काढली, सतरा यंत्रांच्या पुस्तिका लिहिल्या, सगळ्या यंत्रं होण्याआधी. निवृत्त झालो तेव्हा नव्या मॅनेजरनं फाईल उघडली, बराच वेळ त्या ओळीकडे पाहिलं आणि मग निरोपाच्या भाषणात सांगितलं, की कंपनीच्या दप्तरात हे पद आजवर एकच होतं आणि ते यापुढे भरलं जाणार नाही.